निळ्या टाक्याची रिबन

इंदोरा वस्तीतल्या आमच्या गल्लीत पंचफुलाकाकीला कोणी रडताना पाहिलं नाही, आणि हसताना तर नाहीच. तिचा नवरा आनंदराव मिलमध्ये होता. सदुसष्ट साली तो तापानं गेला तेव्हा शेजारच्या बायकांनी हंबरडा फोडला, आणि ही भिंतीला टेकून बसून राहिली. महिन्याभरानं तिनं त्याचा चौकडीचा सदरा उसवला आणि त्याच्या रिबनी शिवल्या. गल्लीनं तोंडाला पदर लावून नावं ठेवली. मग त्याच बायका आपल्या फाटक्या साड्या घेऊन तिच्या दारात आल्या, कारण पोरींना शाळेत रिबन लागायची आणि दुकानातली परवडायची नाही.

काकीचा हात चांगला होता. पट्टी फाडायची, कडा दुमडून बारीक टाका घालायची, भाताच्या पेजेत बुडवायची आणि निखारे भरलेल्या तांब्यानं इस्त्री करायची. उरलेल्या चिंध्यांचे वेणीला गोंडे. कोणी "छान झाली" म्हटलं तर "हो" म्हणायची. एवढंच. मला तिची भीती वाटायची आणि रागही यायचा.

तिची सासू अंजनाबाई खाटेला खिळलेली. छप्पन साली धम्मदीक्षा घेताना नेसलेलं पांढरं लुगडं तिनं पेटीत जपलं होतं. त्याच्या कोपऱ्यात ओळखीसाठी निळ्या दोऱ्याचा टाका होता, कारण त्या दिवशी सारी वस्तीच पांढरं नेसली होती. "मले ह्याच लुगड्यात न्या," एवढी एकच तिची मागणी.

एकाहत्तरच्या जानेवारीत आमच्या कुसुमताईंनी वर्गात फर्मान काढलं. सव्वीस तारखेच्या कवायतीला आणि पुढे दर शनिवारी पांढरी रिबन. नसेल ती वर्गाबाहेर. मुलींच्या डोक्यात काय आहे यापेक्षा डोक्यावर काय आहे याचीच बाईंना जास्त काळजी. गल्लीतली जुनी पांढरी लुगडी काकीकडे जमा झाली. तिनं ती धुऊन दोरीवर टाकली. अंजनाबाईचं लुगडंही त्याच दोरीवर ऊन खात होतं. संध्याकाळी काकीनं सगळं एकत्र गोळा केलं आणि फाडायला बसली. निळा टाका हाती आला तेव्हा शेवटची पट्टी उरली होती. तिनं तीही शिवली.

ती रिबन माझ्या वाट्याला आली. निळ्या टोकाची रिबन साऱ्या शाळेत एकटीची, म्हणून मी काय ऐट केली!

तिकडे अंजनाबाई रोज विचारायची, "पंचफुला, लुगडं पेटीत हाय ना वं?"

"हाय जी, आत्याबाई."

फेब्रुवारीतल्या एका शुक्रवारी दुपारी अंजनाबाई गेली. दिवस मावळायच्या आत काकी आमच्या दारात उभी. आई त्यांच्याकडेच गेली होती. घरात मी एकटी. ही सगळी हकीकत काकीनं मला चार वाक्यांत सांगितली, भाजीचा भाव सांगावा तशी.

"बाकीच्या रिबनी कोनाकडं गेल्या, मले मालूम नाही. तुही रिबन वळखू येते. दे वं जया, बुढीच्या छातीवर ठेवाची हाय."

दुसऱ्या दिवशी शनिवार होता. रिबन माझ्या उशीखाली घडी घालून ठेवलेली होती.

"हरवली, काकी."

तिनं माझ्याकडे पाहिलं. "बरं," म्हणाली आणि गेली.

सकाळी आई कामात आहेसं पाहून मी वेणीला तीच रिबन बांधून शाळेला सटकले. कोपऱ्यावरच अंत्ययात्रा समोर आली. अंजनाबाईच्या अंगावर गांधीबागेच्या बाजारातून आणलेलं कोरं पांढरं कापड होतं. मी वेणी पाठीमागे लपवायला गेले, तोवर काकी रांगेतून बाहेर पडून माझ्यासमोर आली होती. आता थोबाडीत बसणार म्हणून मी डोळे मिटले. बसली असती तर फार बरं झालं असतं, हे मी आज सांगते.

तिनं माझ्या रिबनीचं सैल झालेलं फूल सोडलं. पुन्हा घट्ट बांधलं. निळं टोक कोणाला दिसू नये असं आत खोचलं.

"जा, शाळेले उशीर होते," ती म्हणाली आणि सासूच्या मागे चालू लागली.