पहिल्या पंगतीला व्याज

एखाद्या माणसावर लिहायचं तर आधी त्याला विचारावं, असं मला वाटतं. मी विचारलेलं नाही. शिवाय आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच, आणि परीक्षेच्या उत्तरपत्रिकांपलीकडे मी फारसं काही लिहिलेलं नाही. तेव्हा जे चुकेल ते वाचणाऱ्यांनी पोटात घालावं. तुम्हीही अशी माणसं पाहिली असतील. माझ्यापेक्षा बरी सांगताही येतील.

अक्का संध्याकाळी ड्यूटीवरून आल्या की ओट्यावर चप्पल काढता काढता म्हणायच्या, "आज शेवटचे दोन गळाले." गल्लीत नव्यानं राहायला आलेल्या एका बाईंनी काळजीनं विचारलं होतं, "अगंबाई, दुखतंय का फार?" अक्का पदर तोंडाला लावून हसत सुटल्या. गळाले होते ते दात नव्हेत, हप्ते होते. घराच्या कर्जाचे शेवटच्या टोकाचे हप्ते.

अक्का सरकारी दवाखान्यात नर्स होत्या. जळगावातलं सगळं पिंप्राळा त्यांना सिस्टर म्हणायचं, मी अक्का म्हणायचो. त्यांच्या घराची पुढची खोली मी भाड्यानं घेतली होती. आमच्या गावाहून, असोद्याहून, रोज बसनं येऊन कॉमर्स शिकणं जमेना, म्हणून वडिलांनी ही सोय पाहिली. पहिल्या दिवशी अक्कांनी माझं मनगट दोन बोटांनी धरलं, छातीवरच्या उलट्या घड्याळाकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "घाबरलाय. राहू दे." ती त्यांची सवयच होती. महत्त्वाचं काही ऐकायचं असलं की समोरच्याचं मनगट हातात घ्यायच्या. मला त्या नावानं कधी हाक मारत नसत. "काय कॉमर्स, जेवलास का?" असं चालायचं.

यजमान लवकर गेलेले. एक मुलगी, तेव्हा शाळेत. घर दोन खोल्यांचं, पुढे ओटा, वर अर्धवट सळया. पण दारावर नाव अक्कांचं. ते नाव त्यांच्या सासरच्यांना फारसं रुचलं नव्हतं. वास्तुशांतीला धुळ्याकडच्या गावाहून त्यांचे दीर आले होते. जेवून उठल्यावर हात पुसत ते चारचौघांत म्हणाले, "वहिनी, घर झाक शे. हप्ता थकना ते निरोप धाडा, आम्ही शेतस." घर छान आहे, हप्ता थकला तर कळवा, आम्ही आहोत. शब्द मदतीचे होते. अर्थ मात्र सगळ्यांना कळला. हप्ता थकणारच, आणि मग घर घरच्या पुरुषांच्या नावावर होणार. अक्कांनी हे मला पुढे कितीतरी दिवसांनी सांगितलं, पण दिरांचा आवाज काढून सांगितलं. म्हणजे ते वाक्य त्यांच्या कानात तसंच्या तसं राहिलं होतं.

त्यामुळे अक्का हप्ता थकू देत नसत. थकू देणं तर दूरच, त्या पुढे असत. आमच्याकडे ही एक मानाची गोष्ट आहे. कॉलनीत चार माणसं बसली की एकजण तरी सांगतो, "आपण बा तीन हप्ते पुढे आहोत." अक्का सात पुढे होत्या. पगारवाढीचा फरक एकदम हातात आला, तो त्यांनी पदराआड धरून थेट संस्थेत नेऊन भरला होता. ही संस्था म्हणजे घरबांधणीला कर्ज देणारी एक सहकारी पतसंस्था. मॅनेजर अक्कांना पाहून उठून उभे राहायचे आणि चहा मागवायचे.

दुसऱ्या वर्षाला आम्हाला चक्रवाढ आणि हप्त्यांचा धडा होता. पुस्तकातली उदाहरणं मला कळेनात. मी भीत भीत अक्कांना विचारलं, तुमच्या कर्जाचे आकडे घेऊन गणित करून पाहू का. त्यांनी भाजी निवडत आकडे सांगितले. कर्ज साठ हजार, व्याज चौदा टक्के, मुदत पंधरा वर्षं, हप्ता आठशेला एक रुपया कमी.

मी पहिल्या महिन्याचं व्याज काढलं. सातशे रुपये आलं. मला वाटलं माझंच चुकलं. पुन्हा केलं, तरी सातशे. मी ते अक्कांना सांगितलं, तशी त्यांनी मेथीची जुडी बाजूला ठेवली आणि माझं मनगट धरलं.

"आठशेतले सातशे व्याजात?"

मी हो म्हणालो.

"म्हणजे कर्जात शंभर?"

"शंभरला एक कमी."

मग त्यांनी पंधरा वर्षांचे मिळून किती ते विचारलं. एक लाख चव्वेचाळीस हजारांच्या जवळ जात होते. त्या आधी हसल्याच. म्हणाल्या, दोन घरं बांधून वर गच्ची घालता आली असती. पण हसणं लवकर थांबलं. मी घाईघाईनं धड्यातली दुसरी बाजूही सांगितली, कारण मला त्यांचा चेहरा बघवेना. सुरुवातीच्या वर्षांत हप्त्याबरोबर शंभर रुपये जास्त भरले, आणि ते मुद्दलात गेले, तर शेवटचा आठशेचा एक अख्खा हप्ता गळून पडतो. आजचे शंभर, तिकडचे आठशे.

अक्कांनी माझं मनगट सोडलं. मग त्यांनी जो प्रश्न विचारला तो माझ्या डोक्यातसुद्धा आला नव्हता.

"मी तर साडेपाच हजार जास्त भरलेत. मग माझे किती गळाले?"

संस्थेकडून वर्षाला एक उतारा यायचा. त्यावरची बाकी आणि माझ्या गणितातली बाकी जुळवून पाहिली. एकही गळाला नव्हता. सात हप्ते पुढे असलेल्या अक्कांचं मुद्दल आणि काही पुढे न भरणाऱ्या माणसाचं मुद्दल सारखंच होतं.

दुसऱ्या दिवशी त्या मला बरोबर घेऊन संस्थेत गेल्या. मॅनेजर वाईट माणूस नव्हते. त्यांनी चहा मागवून समजावलं, की जास्तीची रक्कम आगाऊ हप्ते म्हणून वेगळी ठेवलेली असते, महिना आला की त्यातून एक हप्ता वळता होतो. व्याज मात्र ठरल्याप्रमाणे. अक्का म्हणाल्या, मग ती मुद्दलात घ्या. ते म्हणाले, तसं कोणी मागत नाही, नियमही नाही. उलट सिस्टर, तुमची ओढाताण होत असेल तर मुदत वीस वर्षं करून देतो, हप्ता त्रेपन्न रुपयांनी उतरेल.

सोय म्हणूनच त्यांनी ते सांगितलं, आणि खरं सांगतो, मलाही ती सोयच वाटली. अक्कांनी तिथल्या तिथे मला कागद दिला. वीस वर्षांचं गणित केलं तेव्हा एकूण भरणा आणखी पस्तीस हजारांनी वाढला होता.

"साहेब," अक्का म्हणाल्या, "त्रेपन्न रुपयांच्या औषधानं ताप उतरेल, पण पेशंट पाच वर्षं जास्त खाटेवर राहील. आमच्याकडे याला बरं झालं म्हणत नाहीत."

मॅनेजरांनी मान खाली घालून सांगितलं, की त्यांच्या हातात काही नाही, वार्षिक सभेत विषय मांडा.

या सभा तुम्ही पाहिल्या असतील. मंगल कार्यालय, पुढे हार घातलेले संचालक. सचिव भराभर विषय वाचतात आणि सभागृह एका सुरात "मंजूर" म्हणतं, कारण मागच्या अंगणात वरणबट्टीचा घमघमाट सुटलेला असतो आणि दाराशी स्टीलचे डबे वाटायला मांडलेले असतात. बायका सभासद असल्या तरी त्यांचे डबे नवरेच घेऊन जातात. त्या दिवशी खुर्च्यांवर बायका मोजक्याच होत्या. मी सभासद नव्हतो, म्हणून भिंतीला टेकून उभा होतो. गणिताचा कागद मी चारदा उघडून पाहिला होता, आणि बोलायचं तर अक्कांना होतं.

पाचव्या की सहाव्या "मंजूर"नंतर अक्का उभ्या राहिल्या. अध्यक्ष म्हणाले, ताई, प्रश्न शेवटी. अक्का म्हणाल्या, शेवटी सगळे अंगणात असतात. लोक हसले. त्या बोलू लागल्या तशी मागून एस.टी.चे एक ड्रायव्हर ओरडले, "सिस्टर, बट्ट्या गार व्हताहेत."

अक्का मागे वळल्या. "भाऊ, तुमचं कर्ज किती?"

"साठच." तेव्हा संस्था साठ हजारांच्या वर देतच नसे. निम्म्या सभागृहाचं कर्ज तेवढंच होतं.

"किती वर्षं झाली?"

"सहा. एक हप्ता चुकला नाही."

"म्हणजे सत्तावन्न हजार भरलेत तुम्ही. फिटलं किती?"

ड्रायव्हरांनी शेजाऱ्याकडे पाहिलं. "अर्धं तरी फिटलंच असेल ना."

अक्कांनी मॅनेजरांकडे पाहिलं, आणि पाहतच राहिल्या. मॅनेजरांना आकडा पाठ असणार. त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. "अकरा हजार," ते म्हणाले. "एकोणपन्नास बाकी असतील. साधारण."

अंगणात वरणाच्या पातेल्यात डाव फिरल्याचा आवाज आतपर्यंत आला.

"हे लबाडीचं नाही," अक्का म्हणाल्या. "कर्जाची रीतच अशी. आपल्याकडे पहिल्या पंगतीला पाव्हणे बसतात आणि घरचे शेवटी. हप्त्यातही पहिल्या पंगतीला व्याज बसतं. मुद्दल घरचं, ते दारात उभं. ते मला मान्य. पण मी माझ्या मुद्दलासाठी जास्तीचं ताट वाढून आणलं, तर संस्थेनं ते झाकून कोपऱ्यात ठेवलं. ते ताट माझ्या मुद्दलाला द्या. एवढंच मागणं."

अध्यक्ष म्हणाले, सूचना चांगली आहे, पुढच्या बैठकीत विचार करू. पुढची बैठक म्हणजे काय हे सगळ्यांना ठाऊक होतं. अक्का बसल्या नाहीत. त्यांनी एक हात दुसऱ्या हाताच्या मनगटावर ठेवला होता. स्वतःचीच नाडी धरली होती. तेवढ्यात ड्रायव्हर उठले.

"बट्ट्या होऊ द्या गार. मन्हं ताट बी वाढा."

मग कोणी तरी "मंजूर" म्हणालं. मग दुसऱ्यानं म्हटलं. मग तो आवाज असा उठला की आचारी पळा हातात घेऊन दारात पाहायला आला. त्या दिवसाच्या बाकी कुठल्याही "मंजूर"मध्ये तसा जीव नव्हता. ठराव तिथेच लिहिला गेला: सभासदानं मागितलं तर जास्तीची रक्कम त्याच दिवशी मुद्दलात जमा करावी, पूर्वीची आगाऊ रक्कमसुद्धा. अध्यक्षांनी सही केली आणि अक्कांना नमस्कार केला. अक्कांनी तीन बट्ट्या खाल्ल्या. एवढं खाताना मी त्यांना त्याआधी कधी पाहिलं नव्हतं.

त्यानंतर त्यांच्या घरात पैशाला एकच वाट राहिली. कोपऱ्यावरचे किराणावाले शेठ म्हणायचे, "सिस्टर, टीव्ही घेऊन टाका. हप्त्यानं देतो." अक्का म्हणायच्या, "शेठ, आधीचा एक पाव्हणा उठू दे." माझं भाडंही मुद्दलात जायचं. कधी कापसाचे पैसे लांबले तर वडील भाड्याऐवजी केळीचा घड पाठवायचे. अक्का तो छताच्या कडीला टांगत आणि म्हणत, केळी मुद्दलात जमा होत नाहीत, पोटात तरी करू. एकदाही त्यांनी भाडं मागितलं नाही.

आणि एका महिन्यात त्यांनी मुद्दलात काहीच भरलं नाही. माझा निकाल लागला होता. त्या दवाखान्यातून येताना पेढ्यांचे दोन मोठे पुडे घेऊन आल्या, एक गल्लीत वाटायला, एक असोद्याला पाठवायला. मी म्हणालो, अक्का, एवढे कशाला. त्या म्हणाल्या, "या महिन्यात नाही गळाला तर नाही गळाला. गप खा."

मला धुळ्याला एका शाळेत लिपिकाची नोकरी लागली. सुरुवातीला पत्रं लिहिली, मग लग्न, बदली, आजारपणं, आणि पत्रं राहून गेली. मध्ये बरीच वर्षं गेली.

एकदा धुळ्याच्या बसस्टँडवर कोणीतरी मागून खांद्यावर हात ठेवला. मॅनेजर होते, निवृत्त झालेले. तोंड भरून हसत म्हणाले, "तुमच्या सिस्टरनी आमच्या संस्थेची सहा वर्षं खाल्ली." पंधरा वर्षांचं कर्ज नवव्या वर्षी संपलं होतं. घराची कागदपत्रं परत घ्यायला त्या आल्या, तेव्हा दिरांना बरोबर घेऊन आल्या होत्या. म्हणाल्या, साक्षीदार घरचाच असलेला बरा. दिरांनी सही केली, आणि बाहेर पडताना धाकट्या मुलाला घर बांधायचंय, कर्ज कसं घ्यावं, हे वहिनींनाच विचारत होते. हे सांगताना मॅनेजरांचे डोळे असे चमकत होते की जणू ते व्याज त्यांच्याच खिशात राहिलं होतं.

पुढच्या रविवारी मी जळगावची बस धरली. पिंप्राळ्यात पोचलो तेव्हा ऊन डोक्यावर आलं होतं. अक्कांच्या दाराला कुलूप होतं. मी ओट्यावर उभा राहिलेला पाहून कोपऱ्यावरचे शेठ गल्ला सोडून आले. त्यांनी मला ओळखलं. म्हणाले, सिस्टर गावात नाहीत. मुलीला घेऊन दक्षिणेकडे गेल्यात, समुद्र बघायला. पंधरा दिवस झाले.

मी विचारलं, परत कधी येणार?

"मीसुद्धा तेच विचारलं," शेठ म्हणाले. "तर म्हणाल्या, तारीख कशाला ठरवू? परत यायला घर आहेच."