रुख्मिणीचे उपास

मोताळ्यात सुचिताकडे ब्लाऊज शिवायला टाकला की माप एकदाच द्यावं लागतं, पण घरचं भांडण दोनदा सांगावं लागतं. पहिल्यांदा तिचं लक्ष मशीनवर असतं. दुसऱ्यांदा ती मशीन थांबवते, हनुवटीखाली हात घेते आणि म्हणते, "हं, मंग सासू काय म्हणे?"

बायांना वाटायचं, किती जीव लावून ऐकते! जीव लावून ऐकायचीच ती, पण कथेसाठी. दोन कथा जिल्ह्यातल्या दिवाळी अंकात छापून आल्या होत्या. तेव्हापासून तिचा नवरा भागवत तिला लेखिकाबाई म्हणायचा, तेही भाजीत मीठ नसलं की. नावं बदलली की कोणाचं काही बिघडत नाही, असं सुचिता सगळ्यांना ठासून सांगायची. स्वतःलाही तेच सांगायची.

यंदा कोजागिरीला भुलाबाईच्या कार्यक्रमासाठी महिला मंडळाने तिच्याकडे नाटुकली मागितली. भुलाबाईच्या गाण्यांत पोरी पिढ्यान्‌पिढ्या सासूला नावं ठेवत आल्या आहेत आणि एकाही सासूला ते कधी झोंबलं नाही, कारण गाण्यातली सासू सगळ्यांची असते. सुचिताने सासू घेतली ती थेट आपल्या घरातली.

कौशल्याबाई, तिची सासू, आता हयात नाही. पीठ मोजून द्यायची ती बाई. घरात जेवढी माणसं, तेवढंच पीठ; पाहुणं आलं तरी मूठभर जास्त नाही. थोरली जाऊ रुख्मिणी हिची आई सोजराबाई लोणारकडच्या खेड्यातून एसटीने यायची. नातू होईपर्यंत तिने रिवाजाप्रमाणे लेकीच्या घरचं पाणीसुद्धा घेतलं नव्हतं. नंतर मात्र हौसेने येऊ लागली. ती आली की रुख्मिणी आपल्या वाट्याच्या भाकरी तिच्या ताटात घालायची आणि आज माझा उपास आहे म्हणायची. सासू गेली, दोघी जावा वेगळ्या झाल्या, त्यानंतर एका उन्हाळ्यात कुरडया घालता घालता रुख्मिणीने हे फक्त सुचिताला सांगितलं. हसत सांगितलं आणि मधूनच डोळे पुसले. सुचिताने त्यातलं हसणं तेवढं उचललं.

वर पदरचा मीठमसाला घातलाच. नाटुकलीतली आई खादाड केली. कॉलेजातल्या समीक्षाला सून केलं, आईच्या पोटावर उशी बांधली. "अजून एक भाकर वाढ व!" असं आई म्हणाली की तालमीत बाया लोटपोट.

कार्यक्रम सुरू व्हायच्या आधी सोजराबाई लेकीचा हात धरून येताना सुचिताला दिसली. दुसऱ्या रांगेत बसली. ती येईल हे सुचिताने धरलंच नव्हतं. नाटुकली रद्द करता आली असती, उपासाचा एवढा प्रवेश तरी कापता आला असता. पण माइक लागला होता, बाया वाट पाहत होत्या, आणि खरं सांगायचं तर टाळ्यांचा मोह सुटला नाही.

"मले आज चतुर्थी हाये," समीक्षा म्हणाली.

"परवाच तं झाली!" सासू ओरडली, आणि सगळं सभागृह हसलं. सोजराबाईही तोंडाला पदर लावून हसत होती.

मग नाटकातली आई म्हणाली, "घासभर तं खाय व बाई." सून म्हणाली, "माय, उपास मोडते."

सोजराबाईचं हसू तिथेच थांबलं. तिने वळून लेकीकडे पाहिलं. रुख्मिणी खाली मान घालून हातातल्या बांगड्या फिरवत बसली होती.

सकाळी दुकान उघडायच्या आधीच रुख्मिणी दारात उभी. भांडायला आली असती तर सुचिताला बरं वाटलं असतं.

"रातपासून मायनं काही खाल्लं नाई. म्या तिले सांगतलं का असं काही झालंच नाई, सुचितानं मनचं रचलं. तूबी चाल आन्‌ तेच सांग."

"जाऊबाई, माहं चुकलं..."

"ते मंग पाहू. आधी चाल."

सुचिता गेली. आपली कथा खरी वाटते, याचा जिला केवढा तोरा, ती सोजराबाईसमोर बसून म्हणाली, "मावशी, ते सारं खोटं हाये. म्या मनानंच लिवलं."

"मनानंच?" सोजराबाई म्हणाली. "मंग काऊन लिवलं व असं? मी अशी अधाशी हावो? माही पोरगी अशी लबाड हाये? तुह्या घरचं खाल्लं म्हून चारचौघीत तमाशा केला?"

"चुकलं, मावशी." खरं सांगावं तर म्हातारीचा जीव जातो, खोटं सांगावं तर आपण निंदक ठरतो. ती निंदक ठरली.

बोलून बोलून म्हातारी थकली. रुख्मिणीने झुणका-भाकरीचं ताट आणून पुढे ठेवलं. सोजराबाईने घास मोडला आणि लेकीच्या तोंडापाशी नेला.

"आधी तू."

रुख्मिणी पन्नाशीची बाई, दोन महिन्यांत घरी सून येणार. तिने तोंड उघडलं. घास गिळेपर्यंत आई तिच्याकडे पाहत राहिली. मग दुसरा भरवला, मग तिसरा. सुचिताला कोणी बस म्हणत नव्हतं, जा म्हणत नव्हतं.

"मावशी, तुमीबी घ्या ना," तिने कसंबसं म्हटलं.

"मले नाई लागत, बाई," सोजराबाई पुढचा घास मोडत म्हणाली. "इतके वरसं मीच तं जेवली."