कोऱ्या कुपीतलं टोक

"काऊन वो, मले शिकवून राहिली का तू? कोरी कुपी मोजली का, हे मले विचारतेस? मले? आरसे धड लावता येत नाहीत तुले, हात बसला नाही अजून, अन् चालली माह्या पेपरात खोट काढाले!"

हा ओरडणारा मी. डोळ्यांवर लेझरचा नारिंगी चष्मा, पायात लॅबच्या निळ्या सपाता, आणि आवाज असा की टेबलावरचे आरसे हलले असतील. समोर प्रणिता, सौंदडची, मला चार वर्षांनी लहान. तिनं एवढंच विचारलं होतं, "भाऊ, तुम्ही कोरी कुपी तितक्याच ताकदीवर मोजली होती ना?" हळू आवाजात विचारलं होतं. दार लावून. बाहेर व्हरांड्यात दहा भाषांची पोरं उभी होती आणि आमची झाडीबोली त्यातल्या एकालाही कळत नव्हती. त्यांना वाटलं, गोंदियाकडची ही दोघं घरच्या काही भानगडीवरून भांडून राहिली असतील. वाचलो मी. भाषेनं वाचवलं.

माझ्या तोंडात तीळ भिजत नाही, हे आमच्या गावात, मुर्रीत, कुणालाही विचारा. पण हा एक तीळ मी इतकी वर्षं कोरडा ठेवला. बायकोला सांगितला नाही, मित्रांना सांगितला नाही, पिऊनसुद्धा सांगितला नाही — आणि पिऊन मी काय काय सांगतो ते पूर्ण जिल्ह्याला ठाऊक आहे.

मी मूळचा फेकाड्या. खोटं कशाला बोलू? (हे वाक्य लिहिताना माझं मलाच हसू आलं, आणि लगेच संताप आला.) आम्ही पोवार. आमचे पूर्वज माळव्यातून तलवारी घेऊन आले असं आजा सांगायचा. मी त्यात घोडे घातले, पुढे हत्ती घातले, आणि शाळेतून बाहेर पडेपर्यंत एक तोफसुद्धा आणली होती. दक्षिणेतल्या एका मोठ्या शहरात लेझरवर संशोधन करायला गेलो तेव्हा तर मला रानच मोकळं मिळालं. सुटीत आलो की पानठेल्यावर गर्दी. मी सांगायचो — राजेहो, आमच्या लेझरचा एक झटका एवढा बारीक, एवढा बारीक, की त्याच्यापुढे आभाळातली वीज म्हणजे सालेकशाच्या चढावर अडकलेली मालगाडी! सेकंदाचे दहा लाख तुकडे करा, त्यातल्या एकाचे आणखी शंभर कोटी तुकडे करा, त्या तुकड्याचं नाव फेम्टोसेकंद, असे मूठभर उचला — तेवढा वेळ! खोलीचा पारा अर्ध्या अंशानं चढला की हा लेझर जावयासारखा रुसून बसतो, मग चार डॉक्टर त्याची समजूत काढतात. एकदा तर निसटला आणि भिंतीपलीकडच्या शिपायाच्या खिशातली बिडी पेटली.

बिडी पेटली नव्हती. बाकी सगळं खरं होतं. हेच तर सांगतो — माझ्या धंद्यात खरं एवढं अफाट होतं की थाप मारायची गरजच नव्हती. तरी मारली. आणि सगळ्यात मोठी पानठेल्यावर नाही, लॅबमध्ये मारली.

थोडं काम समजून घ्या, नाहीतर माझा गुन्हा तुम्हाला लहान वाटेल. आणि तो लहान वाटलेला मला चालणार नाही.

एका काचेच्या कुपीत रंगाचं द्रव असतं. लेझरचा पहिला झटका त्या रंगाला चिमटा काढतो. दुसरा झटका जरा मागून येतो आणि बघतो — कळवळला का? किती कळवळला? किती वेळात शांत झाला? मागून म्हणजे किती मागून? एका आरशाला केसाच्या जाडीच्या शंभराव्या हिश्श्याएवढं मागे सारायचं, तेवढा उशीर. असं सारत सारत आलेख निघतो. पण एक मेख आहे. दोन्ही झटके ज्या क्षणी कुपीत एकमेकांना भेटतात, त्या क्षणी काच आणि नुसतं द्रव स्वतःच आलेखावर एक टोक उठवतात. रंग असो वा नसो. म्हणून या धंद्यातलं पहिलं सोवळं हे — रंगाची कुपी मोजली की लगेच, त्याच ताकदीवर, बिनरंगाची कोरी कुपी मोजायची. कोऱ्यातही टोक आलं, तर ते रंगाचं नाही. संपलं. पोरांना हे पहिल्याच आठवड्यात शिकवतात.

मी होळीला घरी आलो होतो. परतताना सालेकशाच्या जंगलातून पिशवीभर पळसफुलं नेली, रंग काढला, कुपीत भरला. आलेखावर सरळ उभं टोक! एवढं जलद काही आमच्या लॅबमध्ये कोणत्याच फुलात दिसलं नव्हतं. मी नाचलो. प्रोफेसरांनी मला मिठी मारली — त्या माणसानं स्वतःच्या पोरालाही कधी मारली नसेल. मी घरी फोन केला, आणि दिवस मावळायच्या आत मुर्रीच्या चौकात पक्कं झालं होतं की आपला पळस दुनियेतलं सगळ्यात वेगवान झाड आहे आणि ते आपल्या पोरानं पकडलं.

कोरी कुपी? ती त्यानंतर मोजली. आधी फोन, मग कोरी कुपी. हा माझा क्रम.

आणि कोऱ्या कुपीत — थांबा. येतो तिथं. आधी प्रणिताचं सांगतो.

ती दोन वर्षांनी आली. प्रोफेसरांनी तिला माझ्याच टोकावर बसवलं : पळसातलं हे टोक आणखी नेमकं मोज, झाडं बदल, द्रव बदल, त्यावर तुझी पदवी. बाप तिचा सौंदडच्या स्टेशनाजवळ बांगड्या-टिकल्या विकायचा, आणि पोरगी लेझर चालवते म्हणून गिऱ्हाइकाला दोन बांगड्या जास्तीच्या द्यायचा. ती मला भाऊ म्हणायची. डब्यातला पोह्यांचा चिवडा आधी मला द्यायची. तिचा हात, मी शपथेवर सांगतो, माझ्यापेक्षा दहापट — नाही, आज आकडा फुगवत नाही. तिचा हात माझ्यापेक्षा चांगला होता. बस.

तिनं पहिल्याच महिन्यात रंगाची कुपी मोजली, मग सोवळ्याप्रमाणे त्याच ताकदीवर कोरी. कोऱ्यात तेच टोक. पुन्हा मोजली. तेच. मग ती दार लावून माझ्याकडे आली, आणि मी ओरडलो.

आता विचारा, मी का ओरडलो? कारण मला तेव्हा कळलं? छे. मला दोन वर्षांपासून माहीत होतं.

मी कोरी कुपी मोजली होती. तितक्याच ताकदीवर मोजली होती. टोक आलं होतं — तसंच, तेवढंच, तिथंच. मी खुर्चीत बसून ते बघत राहिलो. मग उठलो, लेझरच्या वाटेतला, उजेड अडवणारा काळसर काचेचा पडदा थोडा फिरवला आणि पहिल्या झटक्याची ताकद कमी केली. टोक ठेंगणं झालं. आणखी फिरवला. आणखी ठेंगणं. शेवटी ते यंत्राच्या खरखरीत बुडालं आणि रेघ सपाट झाली, भात कापलेल्या बांधीसारखी. तो आलेख मी जपून ठेवला. पेपरात छापला. खाली लिहिलं की दोन्ही मोजण्या एकाच ताकदीवर घेतल्या आहेत. चूक झाली, नजर चुकली, घाईत राहिलं — यातलं काहीही झालं नाही. मी बोटांनी तो पडदा फिरवला.

आणि हे अर्धंच आहे. उरलेलं अर्धं ऐका.

प्रणिता माझ्या ओरडण्याला भ्यायली नाही. तिनं सगळ्यांसमोर, प्रोफेसरांच्या बैठकीत, दोन्ही आलेख भिंतीवर दाखवले. प्रोफेसर माझ्याकडे वळले. त्यांनी एकच विचारलं — तू दोन्ही कुप्या एकाच ताकदीवर मोजल्या होत्या?

सगळं त्या एका उत्तरावर होतं. नाही म्हटलं, तर माझी पदवी जाते. हो म्हटलं, तर तिची. एवढं साधं गणित. फेम्टोसेकंद मोजणाऱ्या माणसाला हे गणित करायला किती वेळ लागावा?

"हो सर," मी म्हणालो.

इथं थांबलो असतो तर निदान भित्रा ठरलो असतो. पण मी फेकाड्या ना! सभा रंगवल्याशिवाय मला चैन कुठली? मी पुढे म्हणालो, "प्रणिताच्या टेबलावर तर कोरा कागद ठेवला तरी टोक दाखवेल, सर." हास्याची लाट उठली. प्रोफेसर हसले. मागचा तंत्रज्ञ हसला. आणि त्या हसण्यात पोरीचे दोन्ही आलेख वाहून गेले. ती भिंतीजवळ उभी होती, हातात ती लाल ठिपक्याची कांडी, ठिपका अजून त्या टोकावर. ठिपका हलत नव्हता. सांगितलं ना, तिचा हात चांगला होता.

तिला सगळं मुळापासून पुन्हा मांडायला लावलं. तिनं मांडलं. पुन्हा तेच टोक आलं — येणारच! काच थोडीच माझ्यासारखी आहे? पण आता तिचं टोक म्हणजे तिच्या हाताची चूक, असं ठरून गेलं होतं. तिची शिष्यवृत्ती संपली, प्रबंध झाला नाही, ती परतली. निघताना माझ्या टेबलाजवळून गेली. मी लेझरच्या टेबलावर वाकून काम करत असल्याचं नाटक केलं.

आणि मी? मी डॉक्टर होऊन गोंदियात आलो, कॉलेजात लागलो, "पळसवाले सर" झालो. दर फागुनात कुठं ना कुठं शाल आणि नारळ. मंचावर मी सांगतो, लोक टाळ्या वाजवतात, आणि खरं सांगू, मला त्या लोकांचा राग येतो. काऊन वाजवता रे? एक तरी माणूस उठून विचारत का नाही? मग घरी येतो आणि कळतं — जिनं उठून विचारलं होतं, तिचं मी काय केलं? राग कुणाचा कुणावर काढून राहिलो मी? प्रोफेसरांचाही यायचा, की त्यांनी का नाही स्वतः मोजून पाहिलं. पण पडदा त्यांनी फिरवला नव्हता.

मध्ये एका कार्यशाळेला गेलो. तिथं एका तरुण शास्त्रज्ञानं नवी पद्धत दाखवली : आता कुपीच नको. पातळ पिचकारीसारखी द्रवाची धार हवेत सोडतात आणि तिच्यावरच लेझर मारतात. काच गेली, बहुतेक टोक गेलं. तो हसून म्हणाला, "पुराने लोग तो काँच को ही रंग समझ बैठते थे, बेचारे." सगळे हसले. सगळ्यात मोठ्यानं मी हसलो. बेचारे! फसलेल्या माणसाला बिचारा म्हणतात. मी फसलो नव्हतो रे बापा. त्या वेळी मला माझ्या हसऱ्या तोंडात मारावंसं वाटलं.

परत आल्यावर प्रोफेसरांना आणि जिथं पेपर छापला त्यांना सगळं लिहून पाठवलं. त्यांचं उत्तर अजून नाही. आणि हे इथं माझ्या नावानिशी छापून येईल, तेव्हा शाल देणारेही वाचतील. वाचू देत.

मग सौंदडला गेलो. प्रणिता आता राइस मिलांमधली, तांदळातले काळे दाणे उडवणारी यंत्रं दुरुस्त करते. मिलच्या आवारात भेटली. केसांत भाताचा कोंडा, हातात यंत्राची काच पुसायचं फडकं. "या भाऊ," म्हणाली, हमालाला पाणी आणायला सांगितलं. मी बसलो नाही. उभ्या उभ्या सगळं ओकलो — पडदा, ताकद, सपाट रेघ, "हो सर", तो कोऱ्या कागदाचा विनोद. रंगवलं काहीच नाही. आयुष्यात पहिल्यांदा माझी गोष्ट एवढ्या लवकर संपली.

तिनं फडकं झटकलं, घडी घातली.

"मले कायले सांगून राहिले, भाऊ? मी तं खरंच बोलली होती."