सात महिने पाण्यातले देव

हरणाऱ्या मैदानाचा एक आवाज असतो. तो गोंगाटाचा नसतो. गोंगाट विरल्यावर मागे उरतो, तो. हजारो माणसं एकाच क्षणी श्वास सोडतात, खुर्च्या कुरकुरतात, आणि कुठल्या तरी कोपऱ्यातला एकच ढोल, त्याला बातमी अजून पोचलेली नसते म्हणून, दोन ठोके जास्तीचे वाजून थांबतो. गेल्या हिवाळ्यात हा आवाज मी लंडनच्या हाउन्सलोमधल्या माझ्या स्वयंपाकघरात, पिठाच्या डब्याला टेकवून ठेवलेल्या लॅपटॉपमधून इतक्या वेळा ऐकला, की पुढे पुढे पडद्याकडे न बघता, कणीक मळता मळताच मला कळायचं, आणखी एक गोल बसला. मग हीथ्रोला उतरणारं विमान छपरावरून जायचं, खिडकीची तावदानं थरथरायची, आणि फ्रान्सच्या उत्तर किनाऱ्यावरच्या त्या लहानशा गावाची स्तब्धता तेवढ्यापुरती माझ्या कानांआड व्हायची.

खरं सांगायचं तर फुटबॉलचा आणि माझा संबंध काय? मी नागपूरची. क्रिकेटचा स्कोअरही मला शेजाऱ्यांच्या फटाक्यांवरून कळायचा. या देशात अठ्ठावीस वर्षं काढली, त्यातली बरीचशी लायब्ररीत पुस्तकांवर शिक्के मारण्यात गेली, पण शनिवारी दुपारी गळ्यात मफलर गुंडाळून माझ्या गल्लीतले पुरुष इतक्या गांभीर्याने कुठे निघतात, याची मी कधी चौकशी केली नाही. ती करायची पाळी आली ती केतकीमुळे. केतकी माझी एकुलती एक लेक. इथेच जन्मली, इथेच फिजिओथेरपी शिकली आणि तीन वर्षांपूर्वी त्या फ्रेंच गावातल्या फुटबॉल क्लबात नोकरीला लागली. पंचवीस तरण्याताठ्या माणसांचे गुडघे आणि घोटे तिच्या हवाली झाले. तिचे बाबा जाऊन तेव्हा जेमतेम दोन वर्षं झाली होती. तिने विचारलं, जाऊ का? मी म्हटलं, जा. आईने दुसरं काय म्हणायचं असतं?

या खेळातला एक नियम मला तिच्यामुळेच कळला आणि तो मला आजही निष्ठुर वाटतो. आपल्याकडे क्रिकेटचा एखादा संघ तळाला गेला, तर लोक चार दिवस शिव्या घालतात आणि पुढच्या वर्षी तो संघ पुन्हा त्याच पंगतीत जेवायला बसतो. इथे तसं नाही. वर्षाअखेर जे तळाशी असतील त्यांना उठवतात आणि खालच्या श्रेणीत पाठवतात. पुराणात पुण्य सरलं की स्वर्गातून खाली ढकलतात, तसंच. पण स्वर्गातून पडणारा बिचारा एकटाच पडतो. क्लब पडतो तेव्हा गाव पडतं. मैदानाबाहेरचा सॉसेजवाला, गवत कापणारा माळी, तिकिटाच्या खिडकीतली बाई, कपडे धुणारी मावशी, या सगळ्यांच्या पायाखालची फळी एकदम सरकते. ज्यांनी एकही चेंडू चुकवलेला नसतो, त्यांनाही हरावं लागतं. हा कुठला न्याय?

नोव्हेंबरात सलग सहावा सामना हरल्यावर केतकीचा फोन आला. तिच्या मराठीत लिंग-वचन कधी जागच्या जागी बसलं नाही, आणि दमली की तर सगळंच विस्कटतं. म्हणाली, "आई, सगळे खूप टायर्ड आहे. खाली गेलो ना, तर आमचा मेडिकल टीमचा कॉन्ट्रॅक्ट ऑटोमॅटिकली संपतो. मग मला पॅक करून घरी यायला लागेल." आणि ती रडली. लहानपणी पडली तरी न रडणारी माझी पोर. मी गडबडून गेले आणि अशा वेळी आपल्या तोंडून जे आपोआप निघतं तेच निघालं, "थांब, मी देव पाण्यात ठेवते."

आपण हे किती सहज बोलतो. निवडणुकीला उभा असलेला पुढारी, परीक्षेला बसलेलं पोर, ऑपरेशन टेबलावरचा नवरा, सगळ्यांसाठी आपण देव पाण्यात घालून बसतो, बहुतेक वेळा नुसतं म्हणण्यापुरतं. पण माझ्या आईने ते खरोखर केलेलं मी पाहिलं होतं. काम होईस्तोवर देवांना पाण्याबाहेर काढायचं नाही. त्यांनाही जरा गैरसोय सोसू दे, म्हणजे ते लक्ष घालतील, असा तो साधा आणि काहीसा उर्मट हिशोब. मी फोन ठेवला, पितळेचं पातेलं घेतलं, त्यात बाळकृष्ण, अन्नपूर्णा आणि बोटाएवढा गणपती बसवला आणि नळाखाली तांब्या धरला. पाणी ओतताना मागणं मनात बोलायचं असतं. मी बोलले. माझी पोर घरी येऊ दे.

पाणी देवांच्या गळ्यापर्यंत चढलं तेव्हा मला उमगलं, मी काय मागितलं ते. केतकी घरी येण्याची वाट एकच होती आणि ती क्लबाच्या पडण्यातून जात होती. मी ते मागणं बदलू शकले असते. तेव्हाच ओंजळीने देव काढून, पुन्हा नीट बसवून, नीट मागता आलं असतं. मी तांब्या जागेवर ठेवला आणि दिवा मालवला.

तुम्ही विचाराल, असल्या गोष्टींवर विश्वास आहे का तुझा? अर्धा आहे. पण अर्धा विश्वास पुऱ्यापेक्षा वाईट. पुरा असला की माणूस निश्चिंत असतो, मुळीच नसला तरी निश्चिंत असतो. अर्धा असला की रोज सकाळी पातेल्यातलं पाणी बदलताना बाळकृष्ण डोळ्यांत डोळे घालून विचारतो, तुझं नक्की काय चाललंय?

केतकीने मात्र ही गोष्ट क्लबात सांगून टाकली. तिथे कपड्यांच्या खोलीत एकतीस वर्षं काम करणाऱ्या एक बाई होत्या, ओदेत नावाच्या. मी त्यांना ओदेतबाई म्हणते. रुंद हाडाच्या, केस मानेपाशी आखूड कापलेले, हात साबणाच्या पाण्याने कायमचे लाल. पोरगी परक्या गावात एकटी आहे म्हणून दर गुरुवारी तिला जेवायला घालणाऱ्या. त्या स्वतःही काही कमी नव्हत्या. जिंकलेल्या सामन्यातला गोलकीपरचा टॉवेल पुढची हार होईस्तोवर धुवायचा नाही, हा त्यांचा नेम होता. केतकी म्हणाली, यंदा तो टॉवेल कायम क्लीन असतो. अशा बाईला पाण्यातले देव समजावून सांगावे लागले नाहीत. व्हिडिओवर त्यांनी मला पातेलं दाखवायला लावलं, बराच वेळ पाहिलं आणि फ्रेंचमध्ये काहीतरी विचारलं. केतकीने सांगितलं, "त्या विचारतात, लंडनमध्ये इतका थंडी आहे, पाणी गरम करते ना तुझी आई?"

मी नव्हते करत. दुसऱ्या दिवसापासून करू लागले.

त्यानंतर प्रत्येक हरलेल्या सामन्यानंतर तिकडून निरोप येई, देव अजून बसलेत ना? आणि मी म्हणे, बसलेत. ख्रिसमसला ओदेतबाईंनी पार्सल पाठवलं. त्यात क्लबाच्या रंगाच्या गडद लाल लोकरीने विणलेला लहानसा चौकोनी रुमाल होता. देव बाहेर निघतील तेव्हा त्यांना पुसायला. मी तो कपाटात अगदी मागे सरकवून ठेवला. फेब्रुवारीत संघ सलग दोन सामने जिंकला. केतकी फोनवर लहान मुलीसारखी खिदळत होती, मागे खेळाडू गात होते, आणि इकडे मी उरलेले सामने बोटांवर मोजत होते. लेकीच्या आनंदाने आईला धास्तावलेलं तुम्ही कधी पाहिलंय? मी पाहिलंय, माझ्याच हॉलमधल्या आरशात.

अशा वेळी मला माझी आई आठवायची. आमचं विमान सुटलं त्या दिवसानंतर तिने काय मागितलं असेल? जावयाची नोकरी सुटावी, असं? व्हिसा संपावा, असं? तिने कधी उच्चार केला नाही; फोनवर नेहमी हेच, आमचं छान चाललंय, तुम्ही सुखात राहा. तेव्हा मला ते खरंच वाटायचं. आता वाटतं, मुलांना सुखात राहा म्हणणाऱ्या अर्ध्या आया खोटं बोलत असतात आणि उरलेल्या अर्ध्या स्वतःला फसवत असतात.

मे महिन्यात शेवटचा सामना आला. जिंकलं तर वर, बाकी काहीही झालं तर खाली. शनिवारी संध्याकाळचा सामना होता आणि इथे अजून लख्ख उजेड होता. शेजारी कुणीतरी गवत कापत होतं. मी लॅपटॉप लावला, चहा केला आणि तो प्यायचा विसरून गेले. शेवटची दहा मिनिटं उरली तेव्हा बरोबरी होती. एक खेळाडू मांडी धरून खाली बसला आणि बॅग घेऊन धावत मैदानात शिरलेली केतकी मला पडद्यावर दिसली, चिमूटभर, पाठमोरी. तिने गुडघे टेकले, त्या पोराचा पाय खांद्यावर घेतला, त्याच्याशी काहीतरी बोलली, आणि तो उठला. सगळं मैदान टाळ्या वाजवत होतं, त्याच्यासाठी. पण त्याला उठवलं होतं माझ्या लेकीने. तीन वर्षांत मी तिला काम करताना प्रथमच पाहत होते. ही मुलगी तिथे किती तिची होती! आणि मी तिला माझ्या मागच्या बेडरूममध्ये परत मागितलं होतं.

मग मला काय झालं कोण जाणे. मी खुर्ची मागे लोटून उठले, देव्हाऱ्यापाशी गेले आणि कोमट पाण्यात दोन्ही हात घालून तिन्ही देव बाहेर काढले. नेम मोडला, काम व्हायच्या आत. रद्द, म्हटलं, माझं मागणं रद्द. एक गोल द्या. पाणी कोपरांवरून लादीवर ओघळत होतं, देव ओंजळीत होते, आणि मी पडद्यासमोर उभी राहून, माझ्या साठीच्या उंबरठ्यावर, घसा फोडून ओरडत होते. अगदी शेवटच्या मिनिटाला चेंडू खांबावर आदळला. त्याचा ठण् असा आवाज लॅपटॉपमधूनही ऐकू आला. पुढे शिट्टी वाजली, आणि ढोलाचे ते दोन ठोके.

त्या रात्री केतकीने फोन उचलला नाही. रविवारी दुपारी तिनेच व्हिडिओ लावला. ती कपड्यांच्या खोलीत होती, शेजारी ओदेतबाई. मागे यंत्रं बंद होती आणि दोरीवर एकही जर्सी नव्हती. क्लबाने सकाळीच ओदेतबाईंना सांगितलं होतं, जूनपर्यंतच. एकतीस वर्षं. त्यांचे डोळे सुजलेले होते, तरी त्यांनी आधी देव पाहायला मागितले. मी लाल रुमालावर ठेवलेले कोरडे देव कॅमेऱ्यासमोर धरले. त्या बोलल्या आणि केतकीने मराठी केलं, "त्या म्हणतात, देवांना थँक्यू सांग. अनोळखी लोकांसाठी सात महिने पाण्यात कोण बसतो?"

आता मला गप्प बसवेना. मी म्हटलं, "केतकी, मी त्यांना जिंकण्यासाठी बसवलंच नव्हतं गं. तू घरी यावीस म्हणून बसवलं होतं. काय झालं तर तू येशील, ते मला ठाऊक होतं."

ओदेतबाई एकदा केतकीकडे, एकदा माझ्याकडे बघत भाषांतराची वाट पाहत होत्या. शेवटी केतकी हळू आवाजात मला म्हणाली, "आई, हे मी ट्रान्सलेट नाही करणार." मग त्यांच्याकडे वळून ती फ्रेंचमध्ये दोन वाक्यं बोलली. ओदेतबाईंनी छातीवर हात ठेवला आणि पडद्यावरच्या देवांना मान लववून नमस्कार केला. ती काय बोलली, ते मी आजवर विचारलेलं नाही.

ओदेतबाई चहा आणायला गेल्यावर केतकी म्हणाली, "आणि आई, मी घरी येत नाहीये. खाली गेल्यावर क्लबाला एकच फिजिओ ठेवता येणार आहे, कमी पगारात. मी हो म्हटलं. परवाच म्हटलं, मॅचच्या आधी. वर राहिलो काय, खाली गेलो काय, मी राहणारच होते." जरा थांबून तिने विचारलं, "रागावलीस?"

नाही म्हटलं. ते खरंच होतं. फोन बंद झाल्यावर मी पातेलं घासून ओट्यावर उपडं घातलं. परवाच, म्हणजे देव अजून पाण्यात असताना. म्हणजे माझं मागणं त्यांनी मनावरच घेतलं नव्हतं. क्लब पडला तो पाय दमले म्हणून, चेंडू खांबाला लागला म्हणून. ओदेतबाईंची एकतीस वर्षं माझ्या पातेल्यात बुडाली नव्हती. हे कळायला मला लेक गमवावी लागली. ती येणार नाही म्हणून मी रडले आणि देवांनी माझं ऐकलं नाही म्हणून त्यांच्यापुढे डोकं टेकवलं, दोन्ही एकाच वेळी.