काकांना कळू न देता करायची रजिस्ट्री

माझे बाबा आणि माझे काका यांचा बीरगांवच्या प्लॉटवरून एकमेकांविरुद्ध खटला चालू होता, आणि तारखेला दोघंही एकाच स्कूटरवरून कोर्टात जात.

स्कूटर बाबांची, डबा काकांचा. (वकील मात्र वेगवेगळे!) आत एकमेकांना खोटं पाडायचं, बाहेर येऊन झाडाखाली काकूच्या हातची वांग्याची भाजी वाटून खायची, परतताना गोल बाजारात चक्कर. भांडण एकच: प्लॉटचा रस्त्याकडचा अर्धा भाग कोणाचा?

मी याद्या करणारी बाई. अर्धवट काम मला बघवत नाही, आणि हा खटला म्हणजे अर्धवटपणाचा कळस! त्यात शेजारच्या एका जाणकारानं सल्ला दिला, "दीदी, फैसले से पहले अपने नाम रजिस्ट्री करा लो. फिर कौन पूछता है!" मला पटलं. बाबांनी रस्त्याकडचा भाग मला दानपत्रानं द्यायचा, काकांना पत्ता लागू द्यायचा नाही. (वकिलाला विचारणं तेवढं यादीत राहून गेलं.)

"हव," बाबा म्हणाले. ते इतक्या पटकन कबूल झाले, तिथंच मला शंका यायला हवी होती.

रजिस्ट्रीच्या दिवशी फोटो, ओळखपत्रं, जादा पेन, सगळं तयार. एक साक्षीदार माझे मिस्टर. दुसरे ऐनवेळी कचेरीत आलेच नाहीत!

"आहे ना दुसरा," बाबा शांतपणे म्हणाले. "खाली स्कूटरपाशी उभा आहे."

"कोण?"

"तुझा काका."

"बाबा! त्यांना काहून आणलं?"

"मंजू, कचेरीत एकटं जायची मले सवय नाही न! अन् डबा त्याच्यापाशी राहते."

तोवर काका डबा सांभाळत वर आलेही. "काय व मंजू, सही पाहिजे म्हणे? आण, कुठं करू?"

मी काही बोलायच्या आत आमचा नंबर लागला. रजिस्ट्रारसाहेबांनी दानपत्र मोठ्यानं वाचलं, "उक्त भूमि पर किसी प्रकार का कोई विवाद नहीं है. ठीक?"

बाबांनी चपलांकडे पाहिलं. मी पंख्याकडे पाहिलं. काकांनी वर्गात करतात तसा हात वर केला.

"है न साहब! मैं ही तो हूँ विवाद!"

साहेबांनी चष्मा काढून हरकत आहे का ते विचारलं. "तो आप आपत्ति करने आए हैं?"

"नहीं नहीं, मैं तो गवाह हूँ! सही कर दूँगा, हमारी बच्ची का काम है. बस ये लाइन झूठी है, इसको काट दीजिए."

मागची रांग खो खो हसली. मिस्टरही हसले! साहेबांनी कागद माझ्याकडे सरकवले. "मैडम, पहले घर में तय कर लीजिए."

बाहेर आल्यावर काकांकडे बघायची माझी हिंमत होईना. त्यांनी ओट्यावर डबा उघडला. "लपवलं काहून व? मले सांगतलं असतं तर पोळ्या जास्तीच्या आणल्या असत्या. आता तू उपाशी राहून राहिली ना!"

मी त्यांच्याच पोळीचा तुकडा मोडला आणि म्हटलं, "मग करून टाका ना एकदाची तडजोड!"

दोघांचे घास हवेतच थांबले.

"वेडी झाली काय?" बाबा म्हणाले.

"मग तारखेच्या दिवशी आम्ही जायचं कुठं?" काका म्हणाले.

आता काकू नाही, स्कूटर विकली, दोघांचेही गुडघे गेले. खटला मात्र ठणठणीत आहे! तारखेला मी दोघांना कारनं नेते. काकांना मागं मळमळतं, म्हणून विरोधी पक्ष पुढे बसतो आणि बाबा मागून रस्ता चुकीचा सांगतात. वांग्याची भाजीही मीच करते. काकूसारखी होत नाही, यावर दोघांचं एकमत आहे.

प्लॉटचा वीतभर तुकडाही माझ्या नावावर झाला नाही. पण गाडी, डबा, तारखा, अख्खा खटलाच माझ्या नावावर चढला आहे, आणि त्याला मात्र दोघांपैकी कोणाचीही हरकत नाही!