निमोण्याच्या अंगणात बदललेला बेल्ट

सुरेखावहिनींनी पाना बोल्टवर बसवला आणि विचारलं, "आता कुनीकडं फिरवू?"

"डावीकडे."

"तुमच्या का माझ्या?"

मी बॉनेटच्या पलीकडे, त्यांच्या समोर उभा होतो. उजवा हात कोपरापर्यंत प्लास्टरमध्ये, गळ्यात अडकवलेला. शिरूरला माझं गॅरेज. तिथंच जॅक सरकून मनगट मोडलं होतं. तेव्हापासून काम माझा कारागीर बघायचा, आणि तो नेमका गावच्या जत्रेला गेला होता.

वहिनींचा फोन सकाळी आला. घरच्या मारुती एट हंड्रेडचा बेल्ट चिरकत होता. "मिस्त्री, उद्या आबांना पुण्याला न्यायचंय. डोळ्याचं ऑपरेशन हाय." आबा म्हणजे त्यांचे सासरे. मोतीबिंदू इतका पिकलेला की अंगणात आलेला माणूस ते आवाजावरून ओळखायचे. याआधी दोनदा तारीख मिळाली होती, आणि दोन्ही वेळा आबांनीच काहीतरी कारण काढून मोडली होती. वहिनींचे मिस्टर रांजणगावला कंपनीत, सेकंड शिफ्टला. गाडी वहिनीच चालवायच्या.

मी नवा बेल्ट पिशवीत टाकला आणि वडापच्या जीपने त्यांच्या गावी, निमोण्याला गेलो.

बेल्ट म्हणजे रबरी पट्टा. इंजिन फिरतं, त्या जोरावर हा पट्टा दोन गोष्टी फिरवतो. एक अल्टरनेटर, जो बॅटरी चार्ज करतो. दुसरा वॉटर पंप, जो पाणी खेळतं ठेवून इंजिन थंड राखतो. पट्टा तुटला तरी गाडी लगेच थांबत नाही. थोडी पळते, तापते, मग इंजिनच खराब करते. वहिनींच्या बेल्टला आतून भेगा पडल्या होत्या आणि कडेचे दोरे लोंबत होते. शिरूरपर्यंतसुद्धा नेऊ नये अशी अवस्था.

"मग आता?" वहिनींनी विचारलं.

"बदलायचा. तुम्ही."

"मी?"

"माझा एकच हात चालतोय, तोही डावा."

ओट्यावरच्या बाजेवरून आबा म्हणाले, "गाडीच आडली म्हंजी जायचा योग न्हाई. देवाच्याच मनात न्हाई." आवाज दुःखी काढला होता, पण सुटल्याचा आनंद काही लपत नव्हता.

"आबा, गप बसा जरा."

आधी बॅटरीची वायर काढायला लावली. बेल्ट सैल करायचा तर अल्टरनेटरचे दोन बोल्ट ढिले करायचे. खालच्यावर तो झुलतो, वरचा त्याला जागी धरतो. एवढंच काम. मी ते असंख्य वेळा केलेलं, पण तोंडाने कधीच केलं नव्हतं. प्लास्टरबाहेरची बोटं हवेत आपोआप वळत होती आणि मी "असं नाही, तसं" एवढंच म्हणत होतो. शेवटी वळसा घालून वहिनींच्या शेजारी गेलो. आता त्यांचं डावं तेच माझं डावं. काम पुढे सरकलं.

वरचा बोल्ट सुटला. खालचा गंजलेला. त्यावर रॉकेल ओतलं, चहा घेतला, पुन्हा जोर लावला. पाना निसटला आणि वहिनींच्या बोटांची सालं निघाली. त्यांनी बोटांना फडकं गुंडाळलं आणि परत पान्यावर भार टाकला. बोल्ट ढिम्म. "आई गं" म्हणून त्या खाली बसल्या. मला माझ्या हाताचा भयंकर राग आला.

तेवढ्यात बाज कुरकुरली. आबा उठले, भिंत चाचपत गोठ्याकडे गेले. आले तेव्हा हातात लोखंडी पाइपचा तुकडा होता.

"पान्याच्या दांडीवर चढव ह्यो. हिरीवरच्या मोटारीचं बोल्ट आमी आसंच काढायचो."

पाइपने पान्याची दांडी लांब होते आणि जोर वाढतो, ही युक्ती मलाही ठाऊक होती. बोल्टच तुटेल या भीतीने मी बोललो नव्हतो. आता दुसरा मार्ग नव्हता.

"सावकाश, वहिनी. झटका द्यायचा नाही."

कट् असा आवाज झाला. मला वाटलं, तुटला. पण बोल्ट सुटला होता.

वहिनी हसल्या. "आबा, आता उद्या जावं लागंल बरं का."

"मला दिसत न्हाई, पर ऐकू येतंय की," आबा म्हणाले. "मगापासनं कण्हतीयास. कुठवर ऐकू? जाऊ उद्या."

मग अल्टरनेटर आत ढकलून जुना बेल्ट काढला, नवा चढवला आणि अल्टरनेटर परत बाहेर ओढून तो ताणला. ताण अंगठ्याने बघायचा. दाबला की बोटाच्या जाडीएवढा आत जावा. फार ताणला तर बेअरिंग खातो, सैल राहिला तर चिरकतो. वहिनींनी बोल्ट आवळले, बॅटरीची वायर जोडली, स्टार्टर मारला. चिरकणं बंद, डॅशबोर्डवरचा बॅटरीचा लाल दिवाही विझला.

दुसऱ्या दिवशी त्या आबांना पुढच्या सीटवर बसवून पुण्याला गेल्या. ऑपरेशन चांगलं झालं. महिन्याभराने आबा गॅरेजवर आले आणि माझ्याकडे बघतच राहिले. "येवढा बारीक हायेस व्हय तू? आवाजावरनं मला दांडगा वाटला हुतास." दुसऱ्या डोळ्याची तारीख त्यांनी स्वतः मागून घेतली होती.

प्लास्टर निघेपर्यंत मी आणखी दोघा गिऱ्हाइकांकडून त्यांच्याच गाडीचं काम करून घेतलं. एकाने बोल्ट तोडला. तरी तुम्हीही बेल्ट जरूर घरी बदला. फक्त दुसऱ्या दिवशी कुठे जायचं नसेल, असा दिवस निवडा.