डब्यावरचं गाव

फिल्मकोठीतल्या नीळकंठ देवपुजारीशी गोड बोलून उपयोग नसे. गोड बोलणाऱ्याचा त्याला जास्तच संशय येई. छप्पन्न साली राजधानी नागपूरहून भोपाळला हलली, तेव्हा सरकारी चित्रफितींच्या तीनशे डब्यांबरोबर हाही आला. कुणाला माहितीपटासाठी जुना तुकडा हवा असला, की तो शोधून द्यायचा आणि वापराच्या परवानगीचा कागद अटींसकट लिहायचा, हे त्याचं काम. नोंदीत एक तारीख चुकली म्हणून त्याने हाताखालच्या सुभाषला सगळ्यांदेखत रडवलं होतं.

अठ्ठावन्न साली मुंबईहून विश्वास कर्णिक नावाचा निर्माता आला. त्याला संस्थानी भोपाळातले हाल दाखवायचे होते. रजिस्टरात ‘धान्याची रांग, भोपाळ’ अशी नोंद सापडली. नीळकंठने फीत यंत्रावर चढवली आणि त्याच्या पायाखालची वाळूच सरकली. दुकान नागपूरच्या इतवारीतलं होतं. रांगेत तिसरी त्याची आई होती. तिला जाऊन आठ वर्षं झाली होती.

घोळ त्याचाच होता. हमालांना कळावं म्हणून डब्यांवर ‘भोपाळ’ रंगवलं होतं. पोचायचं ते गाव त्याने घाईत चित्रीकरणाचं गाव म्हणून उतरवून घेतलं होतं.

“ही फीत मिळणार नाही. नोंद चुकलीय, आणि चूक माझी आहे,” तो म्हणाला.

विश्वास हसला. “अहो, रांग सगळीकडे सारखीच. प्रेक्षकांना काय कळतंय?”

“मला कळतंय. ती माझी आई आहे.”

फिल्मकोठीचे साहेब वैतागले. “देवपुजारी, हेडक्लर्की चाहिए कि नहीं? चुपचाप काग़ज़ बनाओ.”

नीळकंठने कागद केला. दृश्य: नागपूर, इतवारी. अट: पडद्यावर हेच नाव द्यावं. शिक्का मारून त्याने तो विश्वासच्या पुढ्यात फेकला. असल्या कागदाचा विश्वासला काडीचा उपयोग नव्हता. तो शिव्या देत निघून गेला. हेडक्लर्की सुभाषला मिळाली. त्याने पहिल्याच दिवशी नीळकंठला तीनशेही डबे पुन्हा तपासायला बसवलं.

वर्षभराने भोपाळच्या थिएटरात मुख्य चित्रपटाआधी तो माहितीपट लागला. नीळकंठ दातओठ खातच बघायला गेला. आई कुठेच नव्हती. विश्वासने दुसरीच कुठलीशी रांग भोपाळची म्हणून लावली होती; दुकानावरची पाटी बंगाली होती. रांगेतली एक म्हातारी पदर सावरत समोर बघत होती.

“ही कुणाची आई आणलीस, हरामखोरा?” नीळकंठ मोठ्याने बोलला. शेजारच्याने त्याला गप्प बसायला सांगितलं.